आधी सुतार, मग स्टुडिओ

टीव्हीवर सोलापूरचं घर दाखवलं की मी माणसांकडे बघत नाही, चादरीकडे बघतो. चित्रकलेची मास्तरकी करून लागलेली ही खोड. मध्यंतरी एका मालिकेत विडी कामगार बाईचं घर होतं. संवाद बरे होते, बाईनं कामही मन लावून केलं. पण खाटेवरची चादर कोरी करकरीत, दुकानातल्या घडीच्या रेघा अजून उठून दिसत होत्या. सूप होतं, तेही भिंतीला टांगलेलं. अहो, विडी वळणाऱ्या बाईचं सूप भिंतीवर नसतं, मांडीवर असतं. त्यात एका कडेला तंबाखू, शेजारी ओल्या फडक्यात गुंडाळलेली तेंदूची पानं, कात्री, आणि पान मापात कापायचा पत्रा. मजुरी हजार विड्यांवर ठरते, त्यामुळे भांडताना, हसताना, मेलेल्याची बातमी ऐकतानासुद्धा तिची बोटं चालूच असतात. त्या मालिकेतली बाई हात मोकळे सोडून तीन मिनिटं रडली. मला काही ते रडणं पटलं नाही.

दुसऱ्या दिवशी एका जुन्या विद्यार्थ्याला फोन लावला. पोरगा साखर पेठेतला, पद्मशाली म्हणजे तेलुगू विणकरांच्या घरातला. आजी विड्या वळायची, वडील यंत्रमागावर. आता तो मुंबईत एका कलादिग्दर्शकाच्या हाताखाली सेट सजवायचं काम करतो. माझं गाऱ्हाणं ऐकून हसला. म्हणाला, "सर, चादर आदल्या रात्री विकत आणली असणार. सकाळी सातची शिफ्ट. जुनी करायला वेळ कुणाला असतो? आणि वेळ असला तरी, जुनी चादर कशी असते हे ठाऊक कुणाला असतं?"

खरंच, जुनी चादर कशी असते? सोलापुरी चादर जकार्डावर, म्हणजे नक्षी विणणाऱ्या मागावर विणतात, त्यामुळे नक्षी दोन्ही बाजूंना उमटते, फक्त रंग उलटे होतात. नवी असते तेव्हा ती कपाटात, पाहुण्यांसाठी. पाहुण्यांना दुसरी नवी आली की ही घरच्यांच्या अंगावर येते. गच्चीवर वाळून वाळून एक बाजू विटते, मग ती उलटी करून अंथरतात. विरते ती आधी घडीच्या रेघेवर. पुढं तिची तान्ह्याची झोळी होते, मग ती इस्त्रीच्या टेबलावर जाते आणि शेवटी दारात पायपुसणं होऊन पडते. एकाच घरात एकाच दिवशी या सगळ्या वयांच्या चादरी सापडतात. त्या ज्या त्या जागी मांडल्या तर लेखकाची दोन पानं वाचतात. घरात लेकरू आहे, पाहुणा येणार आहे, गेल्या दिवाळीला नवी घेणं झालं नाही, हे कुणालाही तोंडानं सांगावं लागत नाही.

हे जाणून मांडणाऱ्या माणसाला सेट डेकोरेटर म्हणतात. त्याच्या वर प्रॉडक्शन डिझायनर असतो. सिनेमाचं जग कोणत्या रंगाचं, भिंत किती उंच, गल्ली किती अरुंद, हे तो ठरवतो. कलादिग्दर्शक ते कागदावरून जमिनीवर उतरवतो आणि डेकोरेटर त्या रिकाम्या भिंतींत संसार मांडतो. हॉलिवूडमध्ये प्रॉडक्शन डिझायनर हा शब्द १९३९ साली विल्यम कॅमेरॉन मेन्झिसच्या नावापुढं लागला आणि रूढ झाला. आपल्याकडे बराच काळ सगळं एका 'कलादिग्दर्शक' शब्दात कोंबलेलं होतं. १९८२च्या 'गांधी'साठी कोल्हापूरच्या भानू अथैयांना वेशभूषेचं ऑस्कर मिळालं हे आपण शाळेत सांगतो, सांगायलाच हवं. त्याच चित्रपटाला कलादिग्दर्शनाचंही ऑस्कर मिळालं आणि त्यात दोन कलादिग्दर्शकांच्या जोडीला सेट डेकोरेटर मायकेल सायर्टन यांचंही नाव होतं, हे कुणी सांगत नाही. खुर्च्या-सतरंज्या मांडणाऱ्यालाही तीच सोन्याची बाहुली.

आता मुद्द्यावर येतो. अधूनमधून आपल्याकडे कुणीतरी व्यासपीठावरून म्हणतं, सोलापूरला चित्रनगरी हवी. टाळ्या पडतात. करमाळ्याच्या मातीतून नागराज मंजुळे निघाले, अतुल कुलकर्णी इथलेच, शशिकला इथल्याच, मग आपण कशात कमी, असा एकंदर सूर असतो. मला ही मागणी चुकीची वाटते. निदान आत्ता तरी. चित्रनगरी म्हणजे जमीन, कुंपण, कमान आणि उद्घाटनाची पाटी. त्यात काम करणारे हात नसतील तर तिथं पहिली दोन वर्षं लग्नं लागतील आणि नंतर शेळ्या चरतील.

या वादात हटकून कोल्हापूरचा दाखला दिला जातो, पण उलटा वाचून. कोल्हापुरात आधी स्टुडिओ आला आणि मग कलावंत झाले, असं घडलेलं नाही. बाबूराव पेंटर हे मुळचे मिस्त्री. आडनावच ते. चुलतभाऊ आनंदरावांबरोबर ते नाटकांचे पडदे रंगवायचे. हातात करवत होती, कुंचला होता, यंत्र उघडून बघायची खाज होती. कॅमेरासुद्धा त्यांनी स्वतःच घडवला. त्यानंतर महाराष्ट्र फिल्म कंपनी. तिथं नुसत्या रंगवलेल्या पडद्यापुढं नाचण्याऐवजी आत चालत जाता येईल असे महाल उभे राहिले. त्याच कारखान्यात दामले आणि फत्तेलाल तयार झाले, मग १९२९मध्ये 'प्रभात' निघाली, १९३३मध्ये पुण्याला गेली, आणि त्याच आवारात १९६०मध्ये आजची फिल्म इन्स्टिट्यूट आली. मिस्त्रीपासून संस्थेपर्यंतची ही वाट चाळीसेक वर्षांची आहे आणि तिची सुरुवात रंधा मारण्यापासून आहे. पुढं सरकारनं कोल्हापूरलाच रीतसर चित्रनगरी दिली, तर ती कितीतरी वर्षं ओस पडून होती. अलीकडे कुठं तिथं हालचाल दिसू लागली.

दुसरा दाखला दुःखाचा आहे. नितीन चंद्रकांत देसाईंइतकं मोठं नाव या धंद्यात मराठी माणसानं अलीकडं कमावलं नाही. कलादिग्दर्शनासाठी चार राष्ट्रीय पुरस्कार. त्यांनी २००५मध्ये कर्जतला स्वतःचा स्टुडिओ उभारला. पुढं तोच कर्जात रुतला, आणि २ ऑगस्ट २०२३ रोजी ते तिथेच गेले. त्यांच्या कलेत काही कमी नव्हतं. पण स्टुडिओ चालवणं हा जमिनीचा आणि व्याजाचा धंदा आहे, सेट उभारणं हा हातांचा. एकात निष्णात असलेला माणूस दुसऱ्यात बुडू शकतो. महापालिकेला पाणी रोज सोडता येत नाही, ती स्टुडिओचं व्याज कुठून भरणार?

मला हवंय ते फार लहान आहे. एक सुतारशाळा आणि एक भांडार.

भांडाराचं आधी. मुंबईत सिनेमावाले जुनं सामान चोरबाजारातून भाड्यानं नेतात. पितळी दिवा, गोल डायलचा फोन, आरामखुर्ची, काय वाट्टेल ते. त्या सामानातून जे घर उभं राहतं ते मुंबईचं पारशी नाहीतर गुजराती घर असतं. त्याला आपण सोलापूर म्हणायचं. इकडं आपल्या शहरात काय चाललंय? जुनी गिरणी १८७७ची, आज तिची फक्त आठवण उरली. हातमाग मोडले, त्यांचे धोटे आणि कांड्या जळणात गेल्या. जकार्डाची भोकं पाडलेली पुठ्ठ्याची कार्डं, ज्यांच्यावर पिढ्यान्‌पिढ्यांच्या नक्ष्या नोंदल्या होत्या, ती मी स्वतः रद्दीच्या गाड्यावर पाहिली आहेत. किलोच्या भावानं. त्यातल्या दोन माळा मी विकत घेतल्या. गाडीवाल्याला वाटलं मास्तरचं डोकं फिरलं. पेठांमधले वाडे पडतात तेव्हा कडीपाटाची लाकडं, कोनाडे, नक्षीची दारं ट्रकात भरून पुण्या-बंगळुरूच्या हॉटेलांत सजावटीला जातात. महापालिकेच्या एखाद्या रिकाम्या शाळेत हे सगळं नुसतं नोंद करून ठेवलं, तारीख-पेठ-धंदा लिहून, आणि भाड्यानं दिलं, तर मालिकावाले, नाटकवाले आणि लग्नवाले, तिघंही येतील. लग्नवाले आधी येतील, हे मी लिहून देतो.

त्याचा खरा उपयोग दाखवायला एक कल्पना करू. समजा कुणी उद्या १९३०च्या सोलापूरवर चित्रपट काढतो. विषय असा की काढायलाच हवा. मे महिन्यात गोळीबार, पाठोपाठ मार्शल लॉ, आणि १२ जानेवारी १९३१ला मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा या चौघांना फाशी. ज्यांच्या नावाच्या हुतात्मा एक्सप्रेसनं आपण पुण्याला जातो ते हे चौघे. पटकथाकार लिहील, 'सोलापूर, एक गल्ली, सकाळ'. त्या चार शब्दांवर डेकोरेटरचे तीन महिने जातात. पाट्या कोणत्या लिपीत? मराठीशेजारी कानडी किती, तेलुगू किती, उर्दू किती? त्या रंगवणाऱ्याचं वळण कसं? गिरणीच्या भोंग्याला घराबाहेर पडणारा कामगार डबा कशात नेतो? खांद्यावरचं टॉवेल कोणत्या विणीचं? संचारबंदी लागली तर दारात वाळत घातलेलं काय तसंच राहून गेलं असेल? या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर पुस्तकात मिळत नाही. ते पेठेतल्या म्हातारीकडे, नाहीतर तिच्या मोडक्या पेटीत असतं. असा चित्रपट मुंबईच्या पडद्यावर मुंबईच्या सामानानं उभा राहिला, तर चौघांच्या गळ्यात फास चुकीच्या गल्लीत पडेल.

हात मात्र आपल्याकडे आहेत, फक्त त्यांना आपण कलावंत म्हणत नाही. इथल्या 'आजोबा गणपती'ची स्थापना १८८५ची सांगतात. तेव्हापासून या गावाला देखाव्यांची सवय आहे. गणपतीत, आंबेडकर जयंतीला, मार्कंडेय रथोत्सवाला इथले मंडपवाले आणि पेंटर आठ-दहा दिवसांत किल्ले, लेणी, संसद काय म्हणाल ते उभं करतात. २०१८मध्ये राज्यात थर्माकोलवर बंदी आली तेव्हा वाटलं, संपलं आता. पुढच्या वर्षी तीच मंडळी पुठ्ठा, बांबू आणि गोणपाटावर आली. वीस फुटांवरून दगडच वाटावा असा बुरूज मी पुठ्ठ्याचा पाहिलाय. जवळ जाऊन बोट लावलं तर पोरगं ओरडलं, "ओ काका, रंग ओलाय!" काटकसरीत, वेळेत, वजनाला हलकं आणि कॅमेऱ्याला खरं वाटेल असं बनवणं, सेटिंगवाल्याचं काम याहून वेगळं नसतं. तिथंही आठ बाय चारच्या प्लायचे फ्लॅट जोडून भिंत होते, मागून टेकू, पुढून पीओपी आणि रंग.

फरक पडतो तो रंगाच्या शेवटच्या हातात. देखाव्यात सगळं चकचकीत लागतं, सिनेमात सगळं वापरलेलं लागतं. माझ्या त्या विद्यार्थ्यानं एकदा सुटीत आला असता करून दाखवलं. नवा कोरा उशीचा अभ्रा घेतला. चहाच्या उकळलेल्या पाण्यात बुडवला, पिळून सुरकुत्यांसकट वाळवला. मग जिथं डोकं टेकतं तेवढ्याच गोलावर तेलाचं बोट आणि चिमूटभर मुलतानी माती घासली. कडांना हात लावला नाही. मी म्हटलं, अरे, कडा पण मळतात. म्हणाला, "नाही सर. कडा फाटतात. मळतं मधे." नंतर घरी जाऊन मी माझीच उशी पाहिली. त्याचं बरोबर होतं. चित्रकलेच्या एवढ्या वर्षांच्या तासांत मी मुलांना फुलदाणी काढायला लावली, उशी कधी काढायला लावली नाही.

सुतारशाळेचा प्रश्न इथंच येतो, आणि यात आमच्या शिक्षणाचा दोष मोठा आहे. एलिमेंटरी-इंटरमिजिएटच्या परीक्षांना पोरं बसतात ती दहावीच्या वाढीव गुणांसाठी. गुण मिळाले की रंगपेटी माळ्यावर. मी निवृत्त झालो त्या शाळेत माझी जागा पुन्हा भरलीच नाही. चित्रकलेच्या तासाला आता गणिताच्या जादा शिकवण्या होतात. ज्याचा हात चालतो तो आयटीआयला सुतारकामाला किंवा वेल्डिंगला जातो. तिथं ड्रॉइंग असतं, पण ते सांध्याचं आणि मापाचं. घर कोणत्या काळातलं, कोणत्या ऐपतीचं, हे त्याला कुणी विचारत नाही. ज्याला पदवी परवडते तो उपयोजित कला किंवा आर्किटेक्चर करतो, सुंदर रेखाटतो, आणि करवत धरायची वेळ आली की कारागीर शोधतो. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कलादिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे, चांगला आहे. पण त्याला कला, वास्तुरचना, अंतर्गत सजावट अशा विषयांतली पदवी लागते. म्हणजे जो बुरूज उभा करतो त्याला ते दार बंद, आणि ज्याला दार उघडं त्यानं बुरूज बांधलेला नाही. बाबूराव पेंटर आज अर्ज करायला गेले असते तर खिडकीवरूनच परत फिरले असते.

म्हणून एक वर्षाचा वर्ग हवा, आयटीआयच्या छपराखालीच. सकाळी लाकूड, प्लाय, साचे. दुपारी जुनी घरं जाऊन बघणं, मापं घेणं, आजीबाईंशी बोलणं. शिकवायला मंडपवाला आणि चित्रकलेचा मास्तर, दोघं एकाच टेबलाशी. फी मंडपवाल्याच्या पोराला परवडेल इतकी. यासाठी डोंगराएवढा पैसा लागत नाही. लागतो तो दोन सरकारी खात्यांमधला समंजसपणा, आणि तो डोंगराहून दुर्मीळ आहे, हे मान्य.

एक गोष्ट आपल्या पथ्यावर पडते. सोलापूरवरून जाणारा ६५ क्रमांकाचा महामार्ग एकीकडं पुण्याला जातो आणि दुसरीकडं हैदराबाद ओलांडून रामोजी फिल्म सिटीच्या जवळून पुढं सरकतो. मुंबईला सगळ्यांनी जायलाच हवं असं नाही. आपल्या पूर्व भागातली पोरं घरात तेलुगू बोलतात, गल्लीत मराठी, बाजारात हिंदी आणि आठवडी बाजारात कानडी. तेलुगू सिनेमा आज ज्या आकाराचे सेट लावतोय त्याला हात पुरत नाहीत. तिथल्या सुताराशी त्याच्या भाषेत बोलू शकणारा असिस्टंट आपल्याकडे प्रत्येक चाळीत बसलाय, आणि आपण त्याला विचारतो, बँकेची परीक्षा दिलीस का?

बँकेची परीक्षा विचारणारे आईवडील मूर्ख नसतात, हेही सांगतो. हा धंदा निर्दय आहे. काम चित्रपटापुरतं, मग महिनाभर घरी. हातात पैसे यायला तीन-तीन महिने. माझ्या विद्यार्थ्याचे एका कंपनीनं दोन महिन्यांचे पैसे अजून दिलेले नाहीत, फोन उचलणं बंद केलंय. लिखापढी नव्हती. रात्रपाळीत प्लायची धूळ आणि रंगाचा वास, तोंडाला रुमाल. त्याच्या आईनं मला एकदा रस्त्यात गाठून विचारलं होतं, "सर, चित्र काढतो म्हणून पाठवलं, हा तर सुतारकाम करलालाय म्हणे?" तिच्या त्या 'तर'मध्ये सगळं आलं. त्या वर्गात म्हणूनच पहिला धडा करारपत्र वाचण्याचा असावा, दुसरा सुताराच्या फीतीचा. संघटनेचं कार्ड काय असतं, कोणत्या कामाला किती मजुरी, पैसे अडले तर कुठं जायचं, हे पोरांना मुंबईत उतरण्याआधी ठाऊक हवं. 'पॅशन आहे ना?' असं म्हणून फुकट राबवणाऱ्यांना ओळखायला शिकवणं हे रंग शिकवण्याइतकंच महत्त्वाचं.

राहता राहिला संगणक. आता मागं एलईडीची भिंत लावून हिमालय दाखवतात, उद्या यंत्र सगळंच रंगवेल, मग सुतार कशाला? असेल. पण नट ज्या खुर्चीत बसतो ती खुर्ची लागते, आणि ती कुरकुरायची की नाही हे कुणीतरी ठरवावं लागतं.

गेल्या गड्ड्याच्या, म्हणजे सिद्धेश्वराच्या यात्रेला तो पोरगा आला होता. सात काठ्यांची मिरवणूक पाहून आम्ही त्याच्या घरी गेलो. पुढच्या कामाला त्याला विडीवालीचं घर उभं करायचं होतं, ते तरी नीट व्हावं म्हणून आजीचं सूप, कात्री आणि मापाचा पत्रा न्यायला आला होता. आजीला तो अव्वा म्हणतो. अव्वांची नजर गेली, विड्या बंद आहेत. सूप दिलं त्यांनी, काही बोलल्या नाहीत, कडेवरून एकदा हात फिरवला. मग त्यानं पायाशी पडलेली जुनी चादर उचलली. झोळीतून निघून इस्त्रीला गेलेली, मधे जळलेली. अव्वांनी ती हातातून ओढून घेतली.

"ही कशाला?"

"हीच पाहिजे, अव्वा. धुऊ पण नको."

अव्वा माझ्याकडं वळल्या. "सर, सांगा की ह्याला. टीव्हीत दाखवायचं म्हटल्यावर मी नवी काढणार नाही का कपाटातली?"

तो माझ्याकडं बघत राहिला आणि मी सुपाकडं.